बचाव पक्षाच्या सहा तारखा

मी अजून वकील झालेलो नाही. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. कोर्टाबद्दल लिहायचा मला कितपत अधिकार आहे, ठाऊक नाही. आगाऊपणा वाटला तर माफ करावं. पण ही चूक माझी आहे, म्हणून मीच सांगतो.

सदाशिव पेठेत बापट मॅडमच्या ऑफिसात मी इंटर्न आहे. त्यांचा एक अशील, संतोष, खुनाच्या खटल्यातला तिसरा आरोपी. पाच वर्षं येरवड्यात. एवढ्या काळात तपासून झालेले साक्षीदार दोन. तो निर्दोष आहे का, मला माहीत नाही. हाय कोर्टात आमचा मुद्दा वेगळा होता: खटला रखडलाय, आणि तो आरोपीमुळे नाही. म्हणून जामीन द्या.

हे रोजनाम्यावरून दाखवायचं. रोजनामा म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं याच्या दोन-चार ओळी. त्यावरून तक्ता करायचं काम माझ्याकडे आलं. जज रजेवर. साक्षीदार गैरहजर. सर्वांत जास्त वेळा 'आरोपीस हजर केले नाही', कारण तुरुंगातून आणायला पोलीस एस्कॉर्ट नाही.

आणि सहा वेळा: 'बचाव पक्षाचा मुदतीचा अर्ज. मंजूर.' खाली सही बापट मॅडमची.

माझा हात थांबला. ज्यांनी मला बसायला टेबल दिलं, त्यांचं नाव विलंबाच्या यादीत कसं लिहायचं? मी त्या सहा तारखा 'इतर कारणे' या रकान्यात टाकल्या. संतोषची बायको रेखाताई धायरीहून आल्या आणि तक्त्यासोबतच्या प्रतिज्ञापत्रावर मी दाखवलं तिथे सही करून गेल्या. कागद मुंबईला गेले.

सुनावणीच्या दोन दिवस आधी वर्गात सर म्हणाले, "अर्जात काही लपवलं असेल, तर तेवढ्यावरून जामीन जाऊ शकतो." पुढचं लेक्चर मी ऐकलंच नाही. उठून ऑफिसात गेलो.

"मॅडम, 'इतर'मधल्या सहा तारखा आपण मागितल्या होत्या."

"आपण म्हणजे? तुम्ही?"

"नाही. तुम्ही."

मॅडमनी चष्मा काढला. "मग माझं नाव लिहायला वेगळी शाई लागते का?"

"मला वाटलं, तुम्हाला..."

"तुम्हाला वाटलं. आणि आत कोण बसलाय?"

त्यांनी तक्ता जवळ ओढला. त्यांचंही चुकलं होतं. न तपासता त्यांनी तो पाठवला होता. "लिहा. दोनदा मी दुसऱ्या कोर्टात होते. तीनदा आई हॉस्पिटलात. एकदा तयारी नव्हती."

"तयारी नव्हती, हेही?"

"नव्हती ना."

दुरुस्त प्रतिज्ञापत्रासाठी मुदत मागावी लागली. सुनावणी तीन आठवडे पुढे गेली. म्हणजे सातवी तारीख माझी. नवीन सहीसाठी मीच धायरीला गेलो. रेखाताई पोळी-भाजी केंद्रात काम करतात. पिठाचे हात पुसत त्या बाहेर आल्या.

"पहिली सही चुकली व्हय?"

"नाही ताई. कागद चुकला. माझ्याकडून."

"मंजे तुमच्यापायी ह्यांना आनखी तीन आठवडे."

"हो."

त्यांनी सही केली. या वेळी आधी मला सगळं वाचून दाखवायला लावलं, एकेक ओळ. माझ्याकडे न बघता आत गेल्या. ते तीन आठवडे मला नीट जेवण गेलं नाही.

शिकलो ते एवढंच: वरिष्ठांचा मान राखायला कोर्टाच्या तक्त्यात रकाना नसतो.

सुनावणीच्या दिवशी माझा पेपर होता. सुटल्यावर फोन चालू केला. स्वारगेटला पोचेपर्यंत काही नाही. मग मॅडमचा कॉल.

"सरकारी वकिलांनी सुरुवातच आपल्या सहा तारखांनी केली."

"मग?"

"जज म्हणाले, ते अर्जदारानेच सांगितलंय, पुढे बोला. पुढे त्यांच्याकडे फारसं नव्हतं. जामीन मंजूर झाला. रेखाताईंना तुम्ही कळवा."