भुशाचा पाव

परवा आमच्या पेंडल हिल उपनगरातल्या भाजीच्या दुकानात सडक्या सलगमांचा वास नाकात गेला. शी! हाच वास काही वर्षांपूर्वी सिडनीतल्या एका छोट्या नौदल म्युझियममध्ये आला होता. लेकीला घेऊन गेलो होतो. गाइड रंगात येऊन सांगत होता, की पहिल्या महायुद्धात ब्रिटिश जहाजांनी समुद्र अडवला, जर्मनीत धान्य जाऊ दिलं नाही आणि शत्रू भुकेनेच खचला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीसुद्धा. मग त्याने गंमत म्हणून सलगम आणि भुसा घालून केलेला तेव्हाचा जर्मन पाव चाखायला दिला. करडा, चिकट. "यक, बाबा!" म्हणत लेक कचऱ्याच्या डब्यात थुंकली, तिच्यामागून मीही थुंकलो आणि खिदळत अभिप्रायाच्या वहीत लिहिलं, 'खूप मजा आली.' शेजारी काठी टेकून उभ्या असलेल्या गोऱ्या आजी मात्र तोच पाव सावकाश चावत होत्या. तळहातावरचा चुराही त्यांनी टाकला नाही. "आवडला की काय?" मी हसत विचारलं. "नाही. माझी आई बर्लिनमध्ये लहानपणी हाच खायची. तिचा भाऊ ह्याच्यावर जगला नाही." लेकीने विचारलं, "वॉज ही अ सोल्जर?" आजी म्हणाल्या, "दोन वर्षांचा होता." माझ्या तोंडात अजून तीच चव होती. ओळ खोडायला वहीकडे वळलो, तर माझ्या ओळीखाली कुणीतरी लिहिलं होतं, 'सेम हिअर!' परवा दुकानातून रिकाम्या हाताने परतलो आणि बायकोला सांगितलं, भाजी नासकी होती.