इंजेक्शन काढलेल्या गाडीतून माळशेज

शनिवारी सकाळी निघायचं ठरलं, कारण सोमवारी भंगारवाला येणार होता.

गोष्ट चौऱ्याण्णव सालच्या मे महिन्यातली. डोंबिवलीत आमच्या इमारतीखाली एक पांढरी परदेशी गाडी दोन वर्षं ताडपत्रीखाली उभी होती. माझे थोरले दीर मस्कतहून येताना ती घेऊन आले आणि पुन्हा मस्कतला गेले तेव्हा अण्णांच्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांच्या, हवाली करून गेले. गाडी फ्युएल इंजेक्शनची. आपल्याकडे तेव्हा धावणाऱ्या बहुतेक गाड्यांना पेट्रोल-हवा मिसळणारा साधा कार्बोरेटर असायचा. एका पावसाळ्यात सीटखाली पाणी शिरलं आणि इंजिनला पेट्रोल किती द्यायचं ते ठरवणारा इलेक्ट्रॉनिक डबा गेला. ठाण्यापासून कल्याणपर्यंत एकही मेकॅनिक त्याला हात लावेना. लेकाने एवढ्या हौसेने आणलेली गाडी जागची हलत नाही, हे अण्णांना फार लागलं होतं. कोणी विचारलंच तर पार्ट परदेशातून यायचाय असं सांगायचे. शेवटी कंटाळून त्यांनी भंगारवाल्याशी बोलणं केलं.

मी तेव्हा ठाण्याला एका कारखान्यात ड्राफ्ट्समन होते. बाईलाही ड्राफ्ट्समनच म्हणायचे. माहेर माझं कळव्याचं, खाडीकाठच्या कोळ्यांचं. बाबांच्या होडीला पेट्रोलवर चालणारं छोटं इंजिन होतं आणि त्याचा कार्बोरेटर साफ करायला मी शाळेत असल्यापासून त्यांच्या शेजारी बसायचे. त्यामुळे जेवताना मी सहज म्हणाले, की इंजेक्शन काढून टाकू आणि कार्बोरेटर बसवू. श्रीकांत, म्हणजे माझा नवरा, हसला. अण्णा हसले नाहीत. ते म्हणाले, "तू कागदावर बसवशील गं. पण गाडी घाट चढेल का?"

मी म्हटलं चढेल. इथेच माझ्या तोंडाने मला अडकवलं, पण त्याचं मला कधीच वाईट वाटलेलं नाही. अण्णांनी तिथल्या तिथे अट घातली. त्यांची थोरली बहीण ओतूरला राहायची, माळशेज घाटाच्या पलीकडे. तिच्याकडे सगळ्यांना घेऊन जायचं. वाटेत कोणी उतरून ढकलायचं नाही. न ढकलता पोचली तर गाडी राहील, नाहीतर सोमवारी ती जाईल आणि तो विषय घरात पुन्हा निघणार नाही.

काम कळव्याला बाबांच्या अंगणात केलं. गाडी टेम्पोला बांधून ओढत नेली. कार्बोरेटर कुर्ल्याच्या जुन्या बाजारातून आणला, साधारण तेवढ्याच ताकदीच्या देशी गाडीचा. अडचण अशी की त्याचं बूड आणि या इंजिनचं तोंड जुळत नव्हतं. मधे एक जाड पट्टी हवी, एका बाजूची भोकं इंजिनला बसतील आणि दुसऱ्या बाजूची कार्बोरेटरला. इंजिनच्या तोंडाला ग्रीस फासून त्यावर पुठ्ठा दाबला आणि ठसा घेतला. त्यावरून जेवणाच्या सुट्टीत ड्रॉइंग काढलं. एका लेथवाल्याने अ‍ॅल्युमिनियममधून पट्टी कापून दिली. ती पहिल्याच फटक्यात बसली तेव्हा मी बाबांच्या अंगणात अक्षरशः टाळ्या वाजवल्या. जिथून इंजेक्टर काढले ती भोकं पितळी बुचांनी बंद केली. प्लगमधल्या ठिणगीचं काम त्या मेलेल्या डब्याकडे नव्हतं, हे आमचं नशीब.

पहिल्यांदा चालू केली तेव्हा कार्बोरेटर भरून वाहायला लागला आणि सगळीकडे पेट्रोलचा वास सुटला. इंजेक्शनचा पंप पेट्रोल फार जोराने फेकतो, ते कार्बोरेटरला झेपेना. बाबांनी चावी फिरवून इंजिन बंद केलं.

"एवढ्या जोराचा पंप नको गो बाय," ते म्हणाले, "याला जरा जरा पाजाचा."

मग टकटक वाजणारा एक छोटा इलेक्ट्रिक पंप आणून इंजिनशेजारी बसवला. गाडी सुरू झाली. आवाज थोडा जाड झाला होता, पण सुरू झाली.

तर शनिवारी उजाडताना मी आणि श्रीकांत कळव्याहून निघालो. गाडी मीच चालवत होते. श्रीकांतला येत होती चालवायला, पण कार्बोरेटरवाल्या गाडीचा चोक किती ओढायचा यावर आमचं एकमत कधीच झालं नाही. मुंब्र्यावरून शीळफाटा आणि तिथून डोंबिवली. अण्णा खाली तयार उभे होते, पांढरा शर्ट, टोपी आणि हातात त्यांचा फिरकीचा तांब्या. बाहेरचं पाणी ते पीत नसत आणि त्या तांब्यातलं पाणी दुसऱ्या कोणाला मिळत नसे. सासूबाईंकडे पोळ्यांचा डबा, वर फडकं बांधलेलं. डिकीत पाण्याचा कॅन होताच.

रस्त्याचं सांगते, कारण हे वाचणाऱ्यांपैकी कोणी नक्की जाईल. कल्याणला पत्रीपुलाच्या आधी गर्दी लागते, तेव्हाही लागायची, म्हणून सकाळी लवकर निघा. शहाडचा पूल ओलांडला की मुरबाड रस्ता लागतो. रायत्याला उल्हास नदीवरचा पूल येतो आणि तिथून खरं बाहेर पडल्यासारखं वाटतं. आम्ही मुरबाडला थांबलो. एसटी स्टँडसमोर वडापाव खाल्ले, चहा घेतला, तिघांचं मिळून वीस रुपयांच्या आत भागलं. अण्णांनी घरची पोळी खाल्ली. टाकी मुरबाडलाच भरून घ्या, पुढे भरवसा नाही, असं पंपावरच्या माणसाने सांगितलं आणि ते खरं निघालं. त्याला आमच्या गाडीचं फार कौतुक. जपानी आहे का, असं त्याने विचारलं. मी म्हटलं, आता अर्धी कळव्याची आहे.

सरळगाव, टोकावडे. मे महिन्यात हा मुलूख कोरडाठाक असतो, करवंदांच्या पाट्या घेऊन बायका रस्त्याकडेला बसलेल्या असतात आणि समोर सह्याद्रीची भिंत जवळ येत जाते. पावसाळ्यात इथे धबधब्यांसाठी झुंबड उडते, पण मला विचाराल तर डोंगर उन्हातच नीट दिसतो, त्याच्या सगळ्या घड्यांसकट. टोकावड्याला रेडिएटर थोडा तापलेला वाटला म्हणून कॅनमधलं सगळं पाणी त्यात घातलं. तिथे कॅन पुन्हा भरायला हवा होता. हापसा बंद होता, म्हणून राहिला.

घाट सुरू झाला आणि पुढे ट्रक आला. मालाने भरलेला, पहिल्या गिअरमध्ये कण्हत चाललेला. ओव्हरटेक करायला जागा नाही. त्याच्या मागे आम्ही रांगत होतो, ऊन डोक्यावर, वारा नाही. बोगद्याच्या अलीकडे दोन-तीन वळणं असतील, गाडीने एक आचका दिला, मग दुसरा, आणि बंद पडली. मी हँडब्रेक ओढला. श्रीकांतने उडी मारून मागच्या चाकाला दगड लावला.

 अण्णा खाली उतरले, तांब्या घेऊन कठड्यावर जाऊन बसले आणि दरीकडे बघत राहिले. मला रडू येईल असं वाटलं. पुढे दिसत होतं ते सगळं: सोमवार, भंगारवाला, आणि घरात पुढची वीस वर्षं माझ्या कुठल्याही कल्पनेवर होणारं ते मंद हसू.

मागून घाटापलीकडच्या मढ गावची एक जीप आली, प्रवाशांनी भरलेली. ड्रायव्हरने थांबून डोकं बाहेर काढलं. तो म्हणाला, "ताई, चार माणसं हायेत माझ्याकडं. ढकलतो की वरपर्यंत."

माणूस भला होता आणि मदत फुकट होती. श्रीकांतने माझ्याकडे बघितलं. मी ड्रायव्हरला नको म्हटलं, आभार मानले, आणि तो खांदे उडवून निघून गेला.

मग मी बॉनेट उघडलं. चावी फिरवली आणि इंजिन सुरू न करता नुसता पंप ऐकला. एरवी तो सावकाश टक, टक करतो. आता पिसाटल्यासारखा टकटकटकटक करत होता. म्हणजे त्याला ओढायला पेट्रोल मिळत नव्हतं, पाइपात वाफ झाली होती. एक्झॉस्टच्या बाजूला पंप, वर हे ऊन आणि पुढे रांगणारा ट्रक. माझ्या पट्टीला काही झालेलं नव्हतं. 

मी कठड्यापाशी गेले आणि अण्णांना सांगितलं, "इंजिन चांगलं आहे. पेट्रोलची वाफ झालीय पाइपात. पंप थंड करायला हवा, पण कॅन रिकामा आहे."

 मला वाटलं, अण्णा विचारतील की हे तुझ्या ड्रॉइंगमध्ये नव्हतं का. त्यांनी तांब्याची फिरकी सोडली, उठून गाडीपाशी आले आणि बॉनेटमध्ये वाकून म्हणाले, "कुठे ओतू?"

सासूबाईंनी डब्याचं फडकं सोडून दिलं. ते मी पंपाला आणि पाइपाला गुंडाळलं आणि अण्णा वरून पाणी सोडत राहिले, बारीक धार, देवाला घालतात तशी. पहिली धार पडताच चर्रर्र झालं. तांब्या संपेपर्यंत त्यांनी मान वर केली नाही. त्यांच्या टोपीवर घाम उतरला होता. मला त्या क्षणी त्यांचा फार आधार वाटला, आणि थोडं हसूही येत होतं, कारण फडक्याला मेथीच्या भाजीचा वास होता आणि तो आता इंजिनमधून येत होता.

थोडं थांबलो. पुन्हा चावी. टक. टक. टक. स्टार्टर मारला, गाडी खोकली, धूर टाकला आणि सुरू झाली. श्रीकांत दगड काढून धावत आत बसला. ट्रक तोवर पुढे निघून गेला होता, समोर मोकळा रस्ता. दुसऱ्या गिअरमध्ये बोगदा पार केला. बोगद्यात मी हॉर्न वाजवला, कारण नसताना, लांबलचक. मागून सासूबाई पुरे म्हणाल्या आणि अण्णा म्हणाले, वाजव.

माथ्यावर थांबून आम्ही सगळे उतरलो. वर वारा होता. दरीकडे तोंड करून करवंदं खाल्ली. मढला पिठलं-भाकरी आणि ठेचा मिळाला, पत्र्याच्या शेडमधलं हॉटेल, पण भाकरी तव्यावरून थेट ताटात. अण्णांना तहान लागली होती. ते तिथलं माठातलं पाणी दोन ग्लास प्यायले.

ओतूरला आत्या ओसरीतच होत्या. गाडीचा आवाज ऐकून गल्लीतली मुलं आधी धावली, मग त्या. रात्री त्यांनी मासवड्या केल्या. ज्यांनी खाल्ल्या नसतील त्यांना सांगते, नावावर जाऊ नका, बेसनाचं आवरण आणि आत तीळ-खोबऱ्याचं सारण, वर झणझणीत रस्सा. माझ्या माहेरी मासळीशिवाय ताट नसायचं, पण त्या दिवशी मी पहिली वाढून घेतली आणि शेवटची उठले. जेवताना अण्णांनी बहिणीला घाटातली गोष्ट सांगितली. त्यांच्या सांगण्यात चढ जास्त उभा होता आणि तांब्या बराच मोठा.

रविवारी परतीचा प्रवास उताराचा, त्यात सांगण्यासारखं काही घडलं नाही, आणि तेच मला हवं होतं. पंपाला ओलं फडकं बांधून ठेवलं होतं. पत्रीपुलावर तासभर अडकलो, रिक्षा, टेम्पो, ट्रक सगळे एकात एक घुसलेले, आणि आमची गाडी न आचकता शांतपणे धडधडत उभी होती. मी स्टिअरिंगवर हात ठेवून बसले होते आणि शेजारच्या रिक्षावाल्याला गाडीबद्दल काहीतरी विचारावंसं वाटू दे, असं मनात म्हणत होते. त्याने विचारलं नाही.

पुढच्या आठवड्यात पंप काढून मागे टाकीजवळ बसवला, तिथे इंजिनची धग पोचत नाही. जुन्या गाडीचं इंजेक्शन काढायच्या विचारात कोणी असेल तर हे आधीच करा. ती गाडी आमच्याकडे पुढे बरीच वर्षं धावली. नाशिक, अलिबाग, एकदा कोल्हापूर. माळशेजला मी नंतर चांगल्या गाड्यांतूनही गेले, एसी लावून, गाणी ऐकत. घाट छान आहे, नक्की जा. पण माझ्याजवळ उरलाय तो त्या फेरीनंतरचा सोमवार.

सकाळी ठरल्याप्रमाणे भंगारवाला आला. मी ऑफिसला निघाले होते, उशीर झालेला, तरी जिन्यातच थबकले. खाली अण्णांनी ताडपत्री काढून घडी घालून ठेवली होती आणि बॉनेट उघडलेलं होतं. आयुष्यात त्यांनी पहिल्यांदाच ते स्वतः उघडलं असावं. भंगारवाला वाकून बघत होता आणि अण्णा बोट दाखवून समजावत होते, की आधी इंजेक्शन होतं, ते काढलं, मग पुठ्ठ्यावर ठसा घेऊन पट्टीचं ड्रॉइंग काढलं, आमच्या सुनेने, आणि घाट चढून आली गाडी. भंगारवाल्याने मान डोलावली आणि ठरल्यापेक्षा जास्त भाव सांगितला.

"विकायला नाही बोलावलं तुम्हाला," अण्णा म्हणाले. "बघायला बोलावलंय. हा बघा, हा तिने बसवलेला कार्बोरेटर."

ते बोट ठेवून दाखवत होते तो एअर फिल्टरचा डबा होता. त्यांचं सगळं सांगून होईपर्यंत मी तिथेच उभी राहिले.