दाढीवाल्या सरड्याची रात्रपाळी

कुरकुंभच्या औषध कारखान्यात मच्छिंद्र तापमान नोंदवायचा. बदली झालेल्या साहेबांनी आपला दाढीवाला परदेशी सरडा त्याला दिला, तेव्हा त्यानं काचेच्या पेटीवरही नोंदीचा तक्ता चिकटवला; वर लिहिलं: रात्री पारा अठराच्या खाली नको.

डिसेंबरात त्याला रात्रपाळी लागली आणि गावाला रात्रीचं भारनियमन. पेटीतला हीटर बंद पडणार, म्हणून सरडा आईवर, विठाबाईवर सोपवला.

सकाळी तो धावतच घरी आला. तक्त्याचे रकाने कोरे होते. सरडा मात्र फडक्यात गुंडाळलेल्या गरम पाण्याच्या बाटलीला टेकून डोळे मिचकावत होता. पारा एकवीसवर.

"आये, खूण का न्हाई केली?"

"बाटली गार झाली की बदलली. चारदा."

"आन् तक्ता?"

"त्यानं ऊब येती व्हय रं?"

मच्छिंद्रनं चार रकान्यांत 'समाधानकारक' लिहिलं आणि तपासनिसाच्या सहीच्या जागी तिचा अंगठा घेतला.