मध्यान्हनंतर रुजू

कोर्टाच्या नोकरीत माणूस कामाला लागत नाही, रुजू होतो. आणि रुजू होताना कागदावर लिहावं लागतं, मध्यान्हपूर्व की मध्यान्हनंतर. मी कन्नडहून पहिल्या एसटीनं संभाजीनगरला आले आणि मध्यान्हपूर्व रुजू झाले. माझ्याच यादीतून निवडलेला दुसरा कारकून, तो पैठणचा. त्याची गाडी बिडकीनला बंद पडली. घामाघूम होऊन पोचला तेव्हा आमची जेवणाची सुट्टी संपत आली होती. पण निवड यादीत त्याचं नाव माझ्या वर होतं. ज्येष्ठ कोण, यासाठी या अर्ध्या दिवसावरून आम्ही जन्मभर भांडलो.

सुरुवातीला दोघांना मिळून एकच टेबल होतं. सकाळभर तो कोर्ट हॉलमध्ये असायचा, दुपारी फायलींचा गठ्ठा घेऊन यायचा आणि म्हणायचा, "सरका की ताई जरा. मी मोठा हाय."

"मोठे असता तर सकाळीच आला असता, भाऊ," मी म्हणायचे. सगळे हसायचे. आम्हीही हसायचो, पण मनात अढी होतीच.

पुढं नाझराची जागा रिकामी झाली. नाझर म्हणजे समन्स, बेलिफ, खुर्च्या-पंखे, सगळ्याचा कारभारी. ती बढती मला मिळाली. त्यानं आक्षेप घेतला, आणि त्या दिवसापासून तो मला ताईऐवजी 'मॅडम' म्हणायला लागला. फाईल ठेवायची नि निघायचं. ते 'मॅडम' मला आक्षेपापेक्षा जास्त लागलं. आक्षेपाचा निकाल लागायच्या आत तो गेला. पैठणला, घरीच, छातीत कळ येऊन.

निकाल त्यानंतर आला. तो जिंकला होता. त्याला माझ्या आधीची मानीव तारीख दिली होती. मानीव म्हणजे, माणूस त्या तारखेपासून त्या जागेवर होता असं मानायचं. आदेशाखाली मात्र कोणा शहाण्यानं नेहमीचा मजकूर जसाच्या तसा उतरवला होता: संबंधितांनी तात्काळ रुजू व्हावे, अन्यथा पदोन्नती नाकारली असे समजण्यात येईल. माशीवर माशी मारणारे सगळीकडे असतात, पण मेलेल्या माणसाला रुजू व्हा म्हणणारे मी पहिल्यांदाच पाहिले.

त्याची बायको तो कागद घेऊन माझ्याकडं आली. "ताई, हे रुजू नाय झाले तर नाकारलं म्हनतील का हो? त्यांनी कशाला नाकारलं असतं? ह्याच्यापायी तर झिजले."

"मी बघते, वहिनी," एवढंच मी म्हटलं.

कोण रुजू झालं, कोण नाही, हे वर कळवायचं काम माझंच. मी नुसतं 'रुजू झाले नाहीत' असं लिहिलं असतं, तरी ते खोटं नव्हतं. त्याची बढती आपोआप रद्द झाली असती आणि मी ज्येष्ठ राहिले असते. शेजारच्या टेबलावरच्या बाई म्हणाल्याही, "राहू द्या हो मॅडम. गेलेला माणूस काय विचारायला येतोय?"

त्यांना काय सांगणार? आदेश आल्यापासून तो रोज येत होता. जेवणाची सुट्टी संपता संपता व्हरांड्यात त्याची ती करकरणारी चप्पल वाजायची, माझ्या दारापर्यंत यायची आणि थांबायची. मी वर बघायचे. दारात कोणी नसायचं. मी भित्री नाही, बेलिफांना दमात घेणारी बाई आहे, पण त्या दुपारी मी डबा अर्धा तसाच झाकून ठेवायचे. भीतीइतकाच रागही यायचा. जिवंत असताना ताई म्हणणं सोडलंस, आणि आता का येतोस?

शेवटी मी लिहिलं: कर्मचारी मयत आहेत, रुजू होण्याची अट लागू होत नाही, मानीव तारीख कायम ठेवावी. वरून मान्य झालं. ज्येष्ठता यादीत मी माझ्याच हातानं एक पायरी खाली आले. वहिनी परत आल्या आणि माझा हात धरून बसल्या.

मला वाटलं, आता चप्पल थांबेल. काल दुपारी ती पुन्हा वाजली आणि दाराशी येऊन थांबली. या वेळी मी वर बघितलं नाही. फायली बाजूला केल्या, खुर्चीतच थोडी सरकले.

"या भाऊ," म्हटलं, "बसा. तुम्ही मोठे."