उताराच्या गाण्याचं दुसरं कडवं

केदार गेल्याचा फोन आला तेव्हा मी खराडीच्या ऑफिसात टोकियोच्या लोकांबरोबर कॉलवर होते. दुभाष्याचं काम असं असतं, की समोरच्याचं वाक्य संपलं की आपलं सुरू करावंच लागतं. मध्ये थांबून रडायची सोय नाही. टेबलावर फोन थरथरत होता, त्यावर गिरीशचं नाव होतं, आणि गिरीश कामाच्या वेळात कधी फोन करत नाही. मी दोन मिनिटांची परवानगी मागून उठले. "केदार गेला गं," एवढंच तो म्हणाला. स्वतःच्या ऑफिसच्या पार्किंगमध्ये, गाडी स्टँडला लावून हेल्मेट काढता काढता केदार खाली बसला आणि पुन्हा उठला नाही. मी परत कॉलवर गेले आणि माझं राहिलेलं वाक्य पूर्ण केलं. ते कशाबद्दल होतं, ते काही केल्या आठवत नाही. धक्का बसला की असं होतं, असं सगळे सांगतात. असेल. मला मात्र त्या वाक्याचा राग अजून आहे.

आमची ओळख जपानीच्या वर्गातली. तेव्हा पुण्यात घरटी एक तरी माणूस कॉम्प्युटरचा कोर्स करत होता आणि त्यातले जास्त शहाणे जपानीही शिकत होते. जपानी आलं की नोकरी दारात चालत येते, असं जो तो सांगायचा. पहिल्या दिवशी बाईंनी प्रत्येकाला विचारलं, जपानी कशासाठी शिकायचंय? कोणी करिअर म्हणालं, कोणी परदेश. मीही काहीतरी भारदस्त बोलले. केदार उभा राहून म्हणाला, "कार्टूनची गाणी कळावीत म्हणून." वर्ग हसला. बाई हसल्या नाहीत. "मग आधी मुळाक्षरं गिरवा. गाणी पळून जात नाहीत," म्हणाल्या आणि फळ्याकडे वळल्या.

कार्टून हा शब्द त्याने आमच्या सोयीसाठी वापरला होता. त्याला म्हणायचं होतं अॅनिमे, म्हणजे जपानी चित्रमालिका, आणि त्यांच्या प्रत्येक भागाच्या सुरुवातीला वाजणारं गाणं. ही गाणी बडबडगीतं नसतात, हे तो येईल त्याला पकडून सांगायचा. तिकडचे खरेखुरे रॉक बँड ती लिहितात, वाजवतात. गिटारी अशा कडाडतात की गाणारा त्यांच्यावरून ओरडत राहतो, आणि ओरडता ओरडता मधेच त्याचा आवाज फाटतो. ते फाटणं केदारला फार आवडायचं. "आपल्याकडे आवाज फाटला की गाणं चुकलं म्हणतात. यांच्याकडे तिथे गाणं सुरू होतं," असं एकदा अमृततुल्यात बसून तो म्हणाला होता. शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांनी वर्तमानपत्र खाली न करता विचारलं, "मग घसा बसला की काय होतं?" केदार इतका हसला, की त्या गृहस्थांनाही शेवटी हसावं लागलं.

तो राहायचा कसबा पेठेत, चाळीतल्या दोन खोल्यांच्या घरात. वडील तो शाळेत असतानाच गेले होते. बाहेरच्या खोलीत त्याची आई, म्हणजे आमच्या काकू, ब्लाउज शिवायच्या आणि साड्यांना फॉल-बीडिंग करायच्या. आतल्या खोलीत आमचा बँड. केदार गायचा आणि गिटार वाजवायचा, मी बेस गिटार, आणि यवतमाळहून इंजिनीअरिंगला आलेला गिरीश ड्रम्सवर. बुधवार पेठेत दुकानं पालथी घालून केदारने एक जुना अॅम्प्लिफायर मिळवला होता, तो तापला की त्यातून करपल्याचा वास यायचा. काकूंनी कधी आवाज कमी करा म्हटलं नाही. चाळीतले एक आजोबा मात्र येऊन विचारून गेले, "कोणाला काही दुखतंखुपतंय का?" काकू मशीन न थांबवता म्हणाल्या, "नाही हो, जपानी शिकतायत." केदार आणि माझ्यात 'काही' आहे का, अशी चौकशीही पेठेत व्हायची. काही नव्हतं. बँड होता, आणि तो पुरेसा होता.

आमचं सगळ्यात लाडकं गाणं म्हणजे उताराचं गाणं. त्याचं खरं नाव मोठं आहे, पण त्या मालिकेच्या सुरुवातीला एक मुलगा डोंगरातल्या गावातून सायकलवर उतार उतरत समुद्राकडे जातो, म्हणून आम्ही ते नाव पाडलं. केदारने ती मालिका सायबर कॅफेवाल्याशी गोडीगुलाबीने राहून उतरवली होती आणि सीडीवर भरून आणली होती. ब्रेक सोडलाय, मागे बघणार नाही, समुद्र दिसेपर्यंत पाय टेकणार नाही... असे त्याचे शब्द. दीड मिनिटात सगळं संपायचं. शेवटचा ठोका पडला की गिरीश दर वेळी वैतागायचा. "हे गाणं असं मधातच काहून संपते बे? आता कुठं हात गरम झाले होते!" केदारचं उत्तर ठरलेलं. "जपानी शिस्त आहे. वेळेवर सुरू, वेळेवर बंद." आम्हाला ते पटायचं. कॉलेजच्या गॅदरिंगला, जपानी दिनाच्या कार्यक्रमाला, सगळीकडे आम्ही ते दीड मिनिट वाजवलं आणि टाळ्या घेतल्या.

मग ज्याची सगळे वाट बघत होते ते झालं. केदारला कंपनीने जपानला पाठवलं. विमानतळावर जाणाऱ्या बसपाशी आम्ही तिघं होतो. काकू, गिरीश आणि मी. केदार खिडकीतून बडबड करत होता, आणि काकू एक अक्षर बोलल्या नाहीत. बस हलली तसा त्यांनी हात वर केला आणि बस वळेपर्यंत तो तसाच धरून ठेवला. परत येताना रिक्षात मी विचारलं, काही बोलला नाहीत काकू? "बोलायचं काय त्यात," म्हणाल्या, आणि पदराने चष्मा पुसत राहिल्या.

तिकडे केदार रमला. फोनवर त्याचा आवाज मोकळा झाल्यासारखा वाटायचा. कुठल्या कुठल्या तळघरांत उभं राहून कुठले बँड ऐकले, ते मला सांगून सांगून त्याने जळवलं. मुदत संपत आली तेव्हा कंपनीने आणखी तीन वर्षं थांबायला सांगितलं, आणि थांबलेला माणूस मग तिकडचाच होतो, हे आम्हाला ठाऊक होतं. मी त्याच्यासाठी खूश होते. आणि अशात एका रविवारी सकाळी त्याचा फोन आला.

आदल्या संध्याकाळी टीममधले लोक त्याला जेवणानंतर कराओकेला घेऊन गेले होते. छोटी खोली, पडद्यावर शब्द, हातात माइक. यादीत उताराचं गाणं बघून केदारने अर्थातच तेच लावलं. जीव तोडून गायला. दीड मिनिट झालं, त्याने माइक खाली ठेवला, कमरेत वाकून नमस्कार केला. टाळ्या पडल्या... आणि संगीत चालूच राहिलं. पडद्यावर नवे शब्द यायला लागले. सगळे त्याच्याकडे बघायला लागले, हा थांबला का? टीव्हीसाठी गाणं कापतात, पूर्ण गाणं मोठं असतं, हे तिथल्या शाळकरी पोरालाही माहीत असतं. आमच्या केदारला, जो या गाण्यांपायी जपानी शिकला, त्याला माहीत नव्हतं! शेवटी त्यांच्यातल्या ओनो-सान नावाच्या वयस्कर बाईंनी माइक उचलला आणि दुसरं कडवं त्यांनी म्हटलं.

"मुग्धा, ते कडवं त्या मुलाचं नाहीच आहे," केदार फोनवर म्हणाला. "तो सायकलवरून गेला ना, त्याच्या मागे वर उतारावर एक बाई उभी आहे. ते तिचं आहे. इतकी वर्षं मी बोंबलतोय मागे बघणार नाही म्हणून, आणि मागे कोण आहे ते मला माहीतच नाही. टीव्हीवाल्यांनी तिला कापून टाकलं." मी थट्टा करायला तोंड उघडलं, पण त्याचं बोलणं संपलं नव्हतं. "मी थांबत नाहीये इथे," तो म्हणाला. "काल रात्रीच ठरवलं. साहेबांना उद्या सांगतो. आईला इतक्यात बोलू नकोस. तिच्यासाठी सोडून आलो असं वाटेल तिला, आणि ती ते आयुष्यभर मनाला लावून घेईल." मी बरं म्हटलं.

तो आला. चाळीतले आजोबा म्हणाले, "तिकडचं पाणी मानवलं नाही वाटतं." ऑफिसातले म्हणाले, चांगली संधी घालवली. केदारने कोणालाच काही सांगितलं नाही. खराडीत भाषांतराचं काम धरलं, रोज ते रहदारीचं दिव्य पार करून कसब्यात परत यायचा. लग्नाचं जमलं नाही, त्यानेही फार जमवून घेतलं नाही. गिरीश नागपूरला जाईपर्यंत बँडही चालू होता. पूर्ण गाणं आता मिळत होतं, तरी उताराचं गाणं तो पहिल्या कडव्यालाच थांबवायचा. "आता तरी पुरं म्हण ना बे!" गिरीश ओरडायचा. केदार मान हलवायचा. "दुसरं माझ्या तोंडचं नाही." मला शब्द पाठ झाले होते, पण माझा आवाज म्हणजे... असो.

तो गेल्यानंतर पाच-सहा आठवड्यांनी मी काकूंकडे गेले. आधीही जात होते, पण तेव्हा माणसं असायची. त्या दिवशी दुपारी त्या एकट्याच मशीनवर होत्या. चहा झाला, आणि एकदम, ब्लाउजची बाही शिवता शिवता, त्या म्हणाल्या, "मी त्याला एकदाच ये म्हणाले गं."

मला कळेना. "कधी?"

"तो तिकडे होता तेव्हा. माझ्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं होतं. फोनवर बोलता बोलता तोंडून गेलं, एकटीला करमत नाही रे, ये आता. तो लगेच म्हणाला, येतो. आणि आलाच की. तिकडे कंपनीवाले दर वर्षी सगळं तपासतात म्हणे... हृदय, रक्त, सगळं. तिकडे असता तर वेळेवर कळलं असतं. मी तेवढं बोलले नसते तर..."

मशीन चालूच होतं. इतकी वर्षं या बाईने हे एकटीने बाळगलं होतं, आणि ज्याने ते काढून टाकलं असतं तो आता नव्हता. केदारने ज्याची भीती धरली होती, तेच नेमकं तो गप्प राहिल्यामुळे झालं होतं. मी म्हटलं, "काकू, तुमच्या फोनच्या आधीच त्याने ठरवलं होतं. ऑपरेशनची तारीख घ्यायला आपण दोघी गेलो त्याच्याही आधी. साहेबांना सांगून झालं होतं. मला स्वतः म्हणाला होता."

त्यांनी मशीन थांबवलं. "आधी?"

"आधी. तुम्ही ये म्हणाला नसता तरी तो येणारच होता."

"मग मला का नाही बोलला?"

"तुम्हाला वाटलं असतं, तुमच्यासाठी येतोय."

काकूंनी दोरा दाताने तोडला. "मग कोणासाठी आला?"

मी कराओकेची गोष्ट सांगितली. नमस्कार करून उभा राहिलेला केदार ऐकून त्या जराशा हसल्याही. मग त्या दुसऱ्या कडव्याचा अर्थ मी एकेक ओळ करून सांगितला. आयुष्यभर हेच काम केलं, पण इतकं जड कधी गेलं नाही. 'तू वळणावर दिसेनासा झालास तेव्हा मी हात खाली घेतला. हाक मारली असती तर तू ब्रेक दाबला असतास, म्हणून मारली नाही. भांड्यात तांदूळ मात्र अजून दोघांचेच पडतात...'

काकूंनी चष्मा काढून मशीनवर ठेवला आणि गायला लागल्या. उताराचं गाणं. जपानीत. अख्खं पहिलं कडवं, एकाही शब्दाचा अर्थ माहीत नसताना, केदार जिथे श्वास घ्यायचा तिथे श्वास घेत आणि त्याचा आवाज जिथे फाटायचा तिथे स्वतःचा चढवत. तो थांबायचा तिथे त्या थांबल्या. मला हुंदका आवरेना.

"रडू नकोस. पुढचं म्हण," त्या म्हणाल्या.

मी म्हटलं. तांदळाच्या ओळीपर्यंतच, आणि वाईट म्हटलं. काकूंनी डोळे मिटून ऐकलं आणि म्हणाल्या, "सूर लागत नाही तुझा. पण मला शिकव ते. ते माझं आहे."

आता दर शनिवारी दुपारी मी कसब्यात जाते. वयाच्या मानाने काकू भराभर शिकतात. उच्चार माझ्यापेक्षा स्वच्छ आहेत, जपानीच्या बाई असत्या तर खूश झाल्या असत्या. तांदळाच्या ओळीपर्यंत आम्ही आलो आहोत. त्यापुढे एकच शब्द आहे, घरी परतलेल्या माणसाला दारातच म्हणतात तो. आपण 'आलास का रे' म्हणतो तसा. गाणं त्या शब्दावर संपतं. तांदळाची ओळ झाली की काकू दर वेळी विचारतात, "संपलं का गं इथे?" मी हो म्हणते. तो शब्द मी अजून त्यांना शिकवलेला नाही.