साठवणीचं रडणं

एग्नेस नोनाचं अख्खं आयुष्य रडण्यात गेलं, आणि तेही मजुरीवर. बावीस सिंहली सिनेमांत ती आई झाली, आणि बहुतेकांत मुलाच्या हातचा मार खाऊन, त्यालाच आशीर्वाद देत मेली. शहरातल्या मरदाना भागातल्या थेटरात बायका पदर भिजवायच्या. घरी तिचा मुलगा तिलकसिरी दारू पिऊन तसाच हात उगारायचा, तेव्हा मात्र कुणाचा पदर भिजला नाही.

तेविसाव्या सिनेमात दिग्दर्शक विमलदास महत्तयांना कुठून सुबुद्धी झाली कोण जाणे. आईनं मुलाचं मनगट वरच्यावर धरायचं आणि डोळ्यांत टिपूस न आणता म्हणायचं, 'हात खाली कर.' एग्नेसनं पहिल्याच झटक्यात करून दाखवलं. शूटिंग आटोपताना महत्तयांनी नेहमीप्रमाणे साठवणीचं रडणं मागितलं. ही तिथली रीतच. पांढरी साडी नेसून पाच मिनिटं रडून ठेवायचं, पुढं सिनेमात कुठं भोक पडलं तर ठिगळ लावायला. बाई सवयीनं रडून मोकळी झाली आणि स्वतःच्याच पायावर धोंडा पाडून घेतला.

कारण सेन्सॉरच्या साहेबांनी फर्मावलं, आईनं मुलाला असं अडवणं आपल्या संस्कृतीत बसत नाही, कापा. मुलानं आईवर हात टाकणं मात्र बसतं. डोंबल संस्कृतीचं!

एग्नेसला हे कुणी सांगितलंच नाही. सिनेमा लागल्यावर पहिल्याच रविवारी दुपारच्या खेळाला ती तिलकसिरीला हट्टानं घेऊन गेली. त्यानं ते एक वाक्य ऐकावं, एवढ्याचसाठी. पडद्यावर मुलाचा हात उठला, आणि पुढच्या क्षणी ती पांढऱ्या साडीत हमसून हमसून रडताना दिसली. वाक्य गायब. तिच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. शेजारी तिलकसिरी नाक शिंकरत म्हणाला, "अम्मा, रडावं तर तूच."

घरी परतल्यावर भाताला उशीर झाला. दोन घोट पोटात गेलेच होते, त्याचा हात उठला. वाक्य तिला पाठ होतं, पण मेली इतक्या वर्षांची खोड, आधी डोळेच भरले. तिनं चिडून ते पुसले आणि त्याचं मनगट धरलं.

"हात खाली कर."

तो बघतच राहिला. "हे सिनेमात नव्हतं."

"होतं," एग्नेस म्हणाली. "कापलं."