मेल्चोरची चार संमतीपत्रं

आमच्या ग्वालासेओ गावात बाजारामागे बुटांचा एक लहानसा कारखाना आहे. तिथे सोइला आणि मी अकरा वर्षं शेजारशेजारच्या मशीनवर बुटांचे वरचे भाग शिवतो आहोत. तिचा नवरा मेल्चोर अमेरिकेला गेला तेव्हा त्यांची नायेली तीन वर्षांची होती. वर्षभर त्याचे फोन यायचे. मग एका कडाक्याच्या भांडणानंतर तेही बंद झाले. सोइलाने त्याचा नंबर पुसून टाकला, स्वतःचाही बदलला. "गेला तो गेला," एवढंच म्हणायची आणि पुढचा बूट हातात घ्यायची.

घर मात्र तिने सोडलं नाही. घरात सासू होती, तार्हेलियाबाई. दिवसभर दारात बसून गवताच्या काड्यांच्या हॅट विणणारी. तिचे तिन्ही मुलगे परदेशी गेलेले. या दोघी आणि ती पोर, एवढाच संसार. पण सासू-सुनेचं असं गूळपीठ आमच्या गल्लीत दुसरं नव्हतं. नायेलीची वेणी, डबा, ताप-खोकला, सगळं सासू बघायची. सासूचं गुडघ्याचं दुखणं निघालं की सोइला रजा टाकून तिला क्वेन्का शहरातल्या दवाखान्यात न्यायची. ती सासूला आई म्हणायची, आणि ते वरवरचं नव्हतं.

नायेली चालण्याच्या शर्यतीत उतरायची. आमच्याकडची पोरं या खेळापायी पहाटे नदीकाठाने कमरेला हेलकावे देत सुसाट चालत असतात. ती जिल्ह्यात पहिली आली, आणि शाळेच्या सरांनी सांगितलं की तिची ग्वातेमाला देशातल्या स्पर्धेसाठी निवड झाली आहे. पासपोर्ट हवा. आणि पासपोर्टसाठी बापाची संमती हवी.

"नऊ वर्षं ज्याने पोरगी जगली की मेली विचारलं नाही, त्याची सही?" सोइला मशीन थांबवून म्हणाली. "ती मी कुठून आणू?"

वकिलाने वाट दाखवली. बापाचा ठावठिकाणा लागत नाही असं आईने शपथेवर लिहून द्यायचं, दोन साक्षीदारांनी दुजोरा द्यायचा, मग कोर्ट परवानगी देतं. एक साक्षीदार मी. दुसरी तार्हेलियाबाई, कारण सख्ख्या आईनेच सांगितलं तर कोण शंका घेणार?

क्वेन्काच्या बसमध्ये म्हातारी एक शब्द बोलली नाही. मांडीवर हात घट्ट धरून बसली होती. मला वाटलं, पोटचा मुलगा हरवलाय असं लिहून द्यायचं, बोलणार तरी काय बिचारी.

नोटरीच्या कचेरीतला कारकून जाडसर, बोलका माणूस होता. त्याने आमची ओळखपत्रं घेतली, मेल्चोरच्या ओळखपत्राचा नंबर विचारला, कॉम्प्युटरवर टाकला. मग चष्मा काढून पुसला आणि परत लावला.

"बाई, या माणसाचा पत्ता लागत नाही म्हणता?"

"नाही लागत."

"अहो, मार्च महिन्यातच त्याने तिकडच्या आपल्या वकिलातीत तुमच्या मुलीसाठी संमतीपत्र केलंय. पासपोर्ट काढायला, देशाबाहेर जायला माझी हरकत नाही म्हणून. अजून मुदत आहे त्याची."

सोइला हसली. "दुसरा कोणी असेल."

"मेल्चोर साकिनाउला. मुलगी नायेली. आणि हे पहिलं नाही. दर दोन वर्षांनी मुदत संपते, दर दोन वर्षांनी हा नवीन करतो. चार आहेत इथे."

"तारीख वाचा," सोइला म्हणाली. त्याने वाचली. "पुन्हा वाचा." त्याने पुन्हा वाचली. खोट्या शपथेखाली सही करायला मी पेन हातात घेऊन बसले होते.

"मग मला कसं कळलं नाही?" तिने मलाच विचारलं, जणू मी काही सांगू शकणार होते.

कारकुनाने पडद्यावरचा मजकूर खाली सरकवला आणि सरळ वाचत गेला, "मूळ प्रत माझी आई तार्हेलिया साकिनाउला हिच्या पत्त्यावर पाठवावी." वाचून झाल्यावर त्याला समजलं आपण काय वाचलं ते. तो चष्मा काढून पुन्हा पुसायला लागला.

सोइला वळली. म्हातारीने मान वर केली नाही.

"आई?"

"घरी चल, सांगते."

"इथेच सांगा."

म्हातारी म्हणाली, "माझे तिघं असेच कागदावर सह्या करून गेले. एकही माघारी आला नाही. मग तो लिफाफा आला, त्यात या पोरीचं नाव. तो म्हणत होता, दोघींना इकडे आणतो. मी काय करायला हवं होतं, सांग ना. एकटीने चुलीपुढे बसून मरायचं होतं?"

"आणि त्याला काय सांगितलंत?"

"तू फाडलास म्हणून."

"चारही वेळा?"

म्हातारीने मान डोलावली. "प्रत्येक वेळी वाटायचं, आता हा नाद सोडेल. सोडलाच नाही मेल्याने."

सोइला ओरडली नाही. तिने पडदा स्वतःकडे वळवून चारही तारखा एकेक करून वाचल्या. नऊ वर्षं ज्या माणसाला ती शिव्या देत होती, त्याने कचेरीच्या रांगेत चारदा उभं राहून पोरीचं नाव लिहिलं होतं. आणि ज्या बाईला ती आई म्हणत होती, ती रोज संध्याकाळी तिला सूप वाढता वाढता म्हणायची, "विसर त्याला, पोरी."

शपथपत्र कोरंच राहिलं. घरी आल्यावर म्हातारीने तयार हॅटच्या चळतीतून चारही लिफाफे काढले आणि टेबलावर ठेवले. सोबत मेल्चोरचा नंबर. सोइलाने माझ्यादेखतच फोन लावला.

"मी सोइला."

पलीकडून त्याने तिचं नाव दोनदा घेतलं. मग, "सगळे कागद फाडलेस, आणि आज फोन?"

"मी पाहिलेच नव्हते, मेल्चोर."

तेवढ्यात त्याच्या बाजूला एक लहान मूल रडायला लागलं आणि कुणी बाई त्याला समजावू लागली. सोइलाने डोळे मिटले. "किती वर्षांचं?" तिने विचारलं.

"दोन," तो म्हणाला. "सोइला, मी पुष्कळ वाट पाहिली गं."

सोइला फोन नायेलीच्या हातात देऊन परसात गेली. मला वाटलं, पोरगी तरी आनंदेल. बापाशी पाच मिनिटं बोलून ती बाहेर आली आणि आईसमोर उभी राहिली. "आजीने लपवलं ते लपवलं. पण तू एकदा तरी फोन का नाही केलास? आजीकडे नंबर आहे का, एवढं तरी विचारायचंस."

सोइलाला थोबाडीत बसल्यासारखं झालं. ती दोरीवरचे कपडे काढायला लागली, ओलेच.

चौथ्या लिफाफ्यावर पासपोर्ट निघाला. नायेली ग्वातेमालाला गेली आणि सातवी आली. दोन्ही पाय एकदम जमिनीवरून उचलल्याबद्दल दोनदा ताकीद मिळाली, तिसरी मिळाली असती तर बादच झाली असती. परत आली ती पायाच्या फोडांबद्दल आणि विमानाबद्दलच बोलत होती.

म्हातारी अजून त्याच घरात आहे. "हाकलून का देत नाहीस?" मी एकदा विचारलं. सोइला चिडली. "जाईल कुठे? गुडघे बघितलेस का तिचे?" दवाखान्यात ती अजूनही नेते. जेवायला वाढते. फक्त आई म्हणत नाही. हाक मारायची वेळ आली की समोर जाऊन उभी राहते.

रविवारी मेल्चोरचा फोन येतो, नायेली स्वयंपाकघरात बसून बोलते. तेव्हा म्हातारी भिंतीला धरत धरत दारात जाऊन बसते आणि दार लोटून घेते. सोइला आत भांडी घासत असते. नळ मात्र अगदी बारीक सोडलेला असतो, फोनवरचं बोलणं बुडणार नाही इतका.